क्रॅक फुकटचा, फोन गिऱ्हाइकाचा

ताई, नमस्कार.

जळगाव जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी माझं मोबाईल दुरुस्तीचं छोटं दुकान आहे, नऊ वर्षं झाली. डिस्प्ले, बॅटरी, चार्जिंग पिन ही रोजची कामं. सॉफ्टवेअरची आठवड्याला चार-पाच येतात, एका कामाचे साडेतीनशे मिळतात. फोनमध्ये सॉफ्टवेअर लिहायच्या ओरिजिनल बॉक्सचे (यंत्र आणि त्याचं सॉफ्टवेअर) चौदा हजार सांगितले, म्हणून भाच्याने एका ग्रुपवरून त्याच बॉक्सचा क्रॅक, म्हणजे लायसन्सशिवाय चालणारी चोरटी प्रत, आणून दिला. 'आधी अँटिव्हायरस बंद करा, मग लोडर चालवा' असं त्यात लिहिलेलं होतं, तसं केलं. तीन आठवडे मस्त चाललं. मग एका मॅडमचा फोन आला, लोगोवर अडकलेला. फ्लॅश मारला, म्हणजे सॉफ्टवेअर नव्याने लिहिलं, फोन चालू झाला, पण सिम पकडेना. बघतो तर आयएमईआय, म्हणजे फोनचा पंधरा आकडी ओळख क्रमांक, उडालेला. मॅडम शाळेत शिकवतात, रोज संध्याकाळी दुकानावर येऊन विचारतात. त्यात परवा कॉम्प्युटरवर बराच वेळ 'विंडोज अपडेट चालू आहे' असं दिसलं आणि नंतर सगळ्या फाईलींच्या नावापुढे चार विचित्र अक्षरं लागली. एकही फाईल उघडत नाही. एका टेक्स्ट फाईलमध्ये ९८० डॉलर मागितलेत, तीन दिवसांत दिले तर ४९०. भाचा म्हणतो हा क्रॅक खराब निघाला, पेनड्राइव्हवर दुसरा 'क्लीन' आहे, तो टाकू, त्यातून मॅडमचा आयएमईआयही परत लिहिता येईल. आमच्या लाईनीत सगळेच क्रॅक वापरतात. चूक माझ्या हाताची की सॉफ्टवेअरची? आता काय करू?

– एक दुरुस्तीवाला

भाऊ, नमस्कार.

बाकीचं नंतर वाचा. आधी त्या कॉम्प्युटरची इंटरनेटची केबल काढा, वायफाय असेल तर बंद करा. त्याला कुठलाही फोन, पेनड्राइव्ह, हार्ड डिस्क लावू नका. झालं? आता बसा.

तुम्ही पाहिलंत ते अपडेट विंडोजचं नव्हतंच. तुम्हाला पडद्यासमोर स्वस्थ बसवून ठेवायला लावलेला तो देखावा होता, त्याच्या आड फाईलींना कुलपं लागत होती. ९८० आणि तीन दिवसांत ४९० हा हिशेब, ती रीडमी नावाची टेक्स्ट फाईल (तुमच्या काउंटरवरची रेडमी वेगळी!) आणि नावापुढची चार अक्षरं, या सगळ्या खुणा 'स्टॉप' किंवा 'डीजेव्हीयू' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या खंडणीखोर व्हायरसच्या आहेत. तो मोठ्या कंपन्यांच्या मागे फारसा लागत नाही. त्याची शिकार म्हणजे क्रॅक, की-जनरेटर, ॲक्टिवेटर उतरवून घेणारी तुमच्या-माझ्यासारखी माणसं. तो बहुतेक त्याच वाटेने पसरतो, कारण त्या वाटेवर माणूस स्वतःच्या हाताने अँटिव्हायरस बंद करून दार उघडून देतो.

आणि तो एकटा येत नाही. सोबत बऱ्याचदा पासवर्ड चोरणारा एक जोडीदार असतो. फाईलींची कुलपं निदान दिसतात, या जोडीदाराचं काम दिसत नाही. क्रोममध्ये साठवलेले पासवर्ड आणि उघड्या राहिलेल्या लॉगिनच्या कुकीज तो मिनिटभरात घेऊन जातो. म्हणून आज रात्रीच घरातल्या दुसऱ्या, स्वच्छ फोनवरून जीमेलचा पासवर्ड बदला. तिथेच 'सगळ्या डिव्हाइसवरून लॉगआउट' करा. नुसता पासवर्ड बदलून भागतंच असं नाही, चोरलेली कुकी पासवर्ड न विचारताही आत शिरू शकते. मग नेटबँकिंग, दुकानाचं यूपीआयचं खातं, पार्ट मागवता त्या साईट. व्हॉट्सॲपमध्ये 'लिंक्ड डिव्हाइसेस' उघडून तो कॉम्प्युटर काढून टाका. खात्यातून एखादा रुपया जरी हलला असेल तर लगेच १९३० ला फोन लावा. सायबर फसवणुकीसाठीचा हा सरकारी क्रमांक आहे. तिथे तासांचा फरक पडतो, चार दिवसांनी फोन करून पैसा अडवता येणं अवघड.

पैसे देऊ नका. दिलेत तरी किल्ली मिळेलच याची खात्री कोण देणार? चोराकडून पावती कशी मागायची?

त्यातल्या त्यात बरी बातमी अशी. त्या टेक्स्ट फाईलच्या शेवटी तुमचा 'पर्सनल आयडी' दिलेला असतो. तो इंग्रजी टी आणि एक या आकड्याने संपत असेल, तर कुलपं लागली तेव्हा व्हायरसला त्याच्या सर्व्हरशी बोलता आलं नव्हतं आणि त्याने पोटातली ठरावीक किल्ली वापरली. अशा फाईली आज ना उद्या सुटण्याची शक्यता असते. एमसीसॉफ्ट या कंपनीने या व्हायरससाठी फुकट डिक्रिप्टर, म्हणजे फाईलींची कुलपं उघडणारं सॉफ्टवेअर, २०१९ च्या ऑक्टोबरमध्ये काढला. जुन्या जातींच्या फाईली त्याने बऱ्याच सुटतात, नव्या जातींच्या फक्त ठरावीक किल्लीच्या, त्याही ती किल्ली कुणाच्या हाती लागली असेल तर. युरोपोल आणि डच पोलिसांनी २०१६ मध्ये उभा केलेला 'नो मोअर रॅन्सम' हा प्रकल्पही अशा किल्ल्या फुकट देतो. या दोन जागांखेरीज डिक्रिप्टर शोधत फिरू नका. डिक्रिप्टर म्हणून पुन्हा व्हायरसच विकणारे याच बाजारात बसलेले आहेत.

आणखी एक. हा व्हायरस घाईत असतो, प्रत्येक फाईलचा फक्त सुरुवातीचा साधारण १५० केबीचा भाग बिघडवतो. म्हणजे लहान फोटो, बिलं, हिशेबाच्या फाईली पूर्ण गेल्या, पण मोठे व्हिडिओ, गाणी, झिप केलेल्या मोठ्या फाईली यांतलं बरंच आत शाबूत असू शकतं. तेव्हा काही पुसू नका. जाणकाराकडून ती हार्ड डिस्क काढून घ्या, वर तारीख लिहा आणि कपाटात ठेवून द्या. कॉम्प्युटरला नवी डिस्क घाला आणि मायक्रोसॉफ्टच्या साईटवरून घेतलेल्या विंडोजने पहिल्यापासून सुरू करा. जुन्यावरच अँटिव्हायरस फिरवून 'साफ झाला' म्हणू नका. लोडरच्या ड्रायव्हरसाठी तुम्ही विंडोजची सहीची तपासणीही (ड्रायव्हर खात्रीच्या माणसाचा आहे ना ते बघणारी) बंद केली असणार, बहुतेक क्रॅक ते सांगतातच. म्हणजे आत काय काय बसलंय ते आता तुम्ही सांगू शकत नाही आणि मीही नाही.

आता तुमचा मुख्य प्रश्न, हात की सॉफ्टवेअर.

पत्रात फोनचं मॉडेल नाही. एमटीके (मीडियाटेक) चिपचा असेल तर पहिली शंका फ्लॅश करतानाच्या 'फॉरमॅट ऑल' या पर्यायावर जाते. 'डाउनलोड ओन्ली' मध्ये नवं सॉफ्टवेअर आपापल्या जागी बसतं, बाकी जागा तशीच राहते. 'फॉरमॅट ऑल' मध्ये अख्खी चिप पुसली जाते आणि तिच्यात एनव्हीरॅमही जातं. आयएमईआय तिथेच असतो, शिवाय त्या एकाच हँडसेटची नेटवर्कची, वायफायची कारखान्यातली मोजमापंही. ती कुठल्याही फर्मवेअरच्या (फोनच्या मूळ सॉफ्टवेअरच्या) फाईलमध्ये मिळत नाहीत, कारण ती प्रत्येक फोनची वेगळी असतात. नऊ वर्षं काम करणाऱ्याला हे मी सांगायला नको. तुम्ही चुकीचं बटण दाबलंत असं मला वाटत नाही.

क्रॅकचं दुखणं असं की पडद्यावर दिसणारं बटण आणि आत घडणारी गोष्ट एकच आहे याची हमी नसते. खऱ्या बॉक्सचं सॉफ्टवेअर सर्व्हरला विचारतं: हे मॉडेल, हा सिक्युरिटी पॅच, याला कुठला लोडर, कुठला डाउनलोड एजंट (फोनच्या चिपशी बोलणारे छोटे प्रोग्रॅम)? क्रॅक करणाऱ्याने पहिल्यांदा तोडलेला असतो तो सर्व्हरचाच धागा, नाहीतर लायसन्स तपासलं गेलं असतं. मग ते सॉफ्टवेअर पोटात असेल त्या दोन वर्षं जुन्या फाईलींवर वेळ मारून नेतं. जुळलं तर 'मस्त चाललं', नाही जुळलं तर मॅडमचा फोन.

रेडमी नोट ५ प्रो आठवतो? २०१८ मध्ये गावोगावी तो विकला गेला, आणि त्याच वर्षी शाओमीने त्यात अँटी-रोलबॅक, म्हणजे जुन्या सॉफ्टवेअरकडे परत जायला बंदी, आणलं. त्याचा फोनमधला आकडा ४ झाला की त्याहून जुनं सॉफ्टवेअर टाकलं रे टाकलं की फोन डेड. ज्यांच्या टूलला हे नवं माहीत नव्हतं, त्यांनी धडधाकट फोन मारले. हाताला दोष द्यायचा तरी कसा? हात तोच होता, हत्याराचं ज्ञान शिळं होतं.

बिघाड कुठे झाला हे तुम्ही नक्की सांगू शकत नाही, हीच खरी गोम आहे. ओरिजिनल टूल असतं तर त्याचा लॉग विकणाऱ्याला दाखवून विचारता आलं असतं. क्रॅकवाल्याला काय विचारणार? मला स्वतःला हे एकदा भोवलंय. डीटीपी करत होते तेव्हा मराठी फाँटचं सॉफ्टवेअर डोंगलवर (कॉम्प्युटरला लावायच्या लायसन्सच्या किल्लीवर) चालायचं, आणि आम्ही डोंगलशिवाय चालणारं 'कुणाकडून तरी' आणलेलं. दिवाळी अंक छापायला जायच्या आदल्या रात्री अख्ख्या कथेतली जोडाक्षरं फुटली. मदतीला फोन करायला नंबरच नव्हता, कारण आम्ही कुणाचे गिऱ्हाईकच नव्हतो. पहाटेपर्यंत पानं पुन्हा टाइप केली. पण तिथे बिघडला तो आमचा मजकूर होता. तुमच्याकडे बिघडतो तो दुसऱ्याचा फोन.

यावर थोडं थांबते, कारण भाच्याच्या 'क्लीन' शब्दात हाच घोटाळा आहे. बॉक्सचं सॉफ्टवेअर म्हणजे गाणी ऐकायचं ॲप नव्हे. ते फोनच्या अगदी तळाशी लिहितं, जिथे फॅक्टरी रिसेटही पोचत नाही. अशा हत्यारालाच कीड असेल तर त्याच्या हाताखालून गेलेल्या वस्तूला ती लागू शकते. सप्टेंबर २०१५ मध्ये चीनमध्ये हे मोठ्या प्रमाणावर झालं. ॲपलच्या सर्व्हरवरून एक्सकोड हे आयफोनची ॲप बनवायचं सॉफ्टवेअर उतरायला फार वेळ लागायचा, म्हणून तिथल्या ॲप बनवणाऱ्यांनी दुसरीकडे ठेवलेली प्रत घेतली. त्या प्रतीत कुणीतरी चोरकोड मिसळला होता. बनवणारे प्रामाणिक, ॲप खरे, पण हत्यार बिघडलेलं, म्हणून वीचॅटसारख्या ॲपच्या एका आवृत्तीतही तो कोड जाऊन बसला. त्याला एक्सकोडघोस्ट म्हणतात. त्या ॲप बनवणाऱ्यांनी तर पायरसीही केली नव्हती, फक्त वाट चुकीची धरली होती.

फोनच्या तळाशी काय बसू शकतं याचं उदाहरण ट्रायडा. २०१६ मध्ये कॅस्परस्कीने हा व्हायरस पहिल्यांदा दाखवला. पुढच्या वर्षी तो काही स्वस्त अँड्रॉइड फोनच्या मूळ सॉफ्टवेअरमध्येच सापडला आणि २०१९ मध्ये गूगलनेही दुजोरा दिला की तो बाहेरच्या एका पुरवठादारामार्फत कारखान्यातल्या सॉफ्टवेअरमध्ये मिसळला गेला होता. अँड्रॉइडमध्ये प्रत्येक ॲप झायगोट नावाच्या एका प्रक्रियेतून जन्माला येतं. ट्रायडा तिथेच बसतो, म्हणजे उघडेल त्या प्रत्येक ॲपमध्ये तो आधीच हजर. कारखान्याच्या पुरवठ्यात हे घुसू शकतं, तर ग्रुपवरच्या अनोळखी माणसाने चढवलेल्या फर्मवेअरच्या झिपबद्दल मी काय बोलावं! तुमच्या क्रॅकमधून मॅडमच्या फोनमध्ये काही गेलंय असं मी म्हणत नाही. पण त्यांच्या फोनवर बँकेचं ॲप आहे, शाळेच्या पालकांचे नंबर आहेत, आणि 'काही गेलेलं नाही' असं छातीवर हात ठेवून तुम्हालाही म्हणता येत नाही.

आता आयएमईआय. इथे मी जरा कडक बोलणार आहे, राग मानू नका.

भाचा म्हणतो तसं पंधरा आकडे हाताने टाइप करून लिहिणं हे दुरुस्तीत मोडत नाही. २०१७ मध्ये केंद्र सरकारने आयएमईआयमध्ये फेरफार रोखणारे नियम काढले. त्यांत उत्पादक सोडून इतर कुणी आयएमईआय जाणूनबुजून काढणं किंवा बदलणं बेकायदा ठरलं, आणि त्या कामासाठी तयार केलेलं सॉफ्टवेअर जाणूनबुजून बाळगणंही. नोव्हेंबर २०२४ च्या दूरसंचार सायबर सुरक्षा नियमांतही ही बंदी आहे. २०२३ च्या दूरसंचार कायद्यात अशा फेरफाराला तीन वर्षांपर्यंत कैद, पन्नास लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. 'मी तोच जुना नंबर परत लिहिला' हे तुमचं म्हणणं खरं असेल, पण ते सिद्ध करायची पाळी तुमच्यावर येऊ नये. त्याच फोनचा फ्लॅश मारण्याआधी काढून ठेवलेला एनव्हीरॅमचा बॅकअप असता तर गोष्ट वेगळी होती. इथून पुढे तो काढल्याशिवाय कुठल्याही फोनला हात लावू नका.

क्रॅकबद्दल वेगळं कलम आहेच. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं ६३ ब: चोरीची प्रत आहे हे माहीत असून कॉम्प्युटरवर वापरली तर किमान सात दिवस ते तीन वर्षं कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख दंड. लाईनीतली सगळी दुकानं वापरतात हा त्यावर बचाव होत नाही.

मॅडमकडे तुम्हीच जा. त्या पुन्हा दुकानाची पायरी चढायच्या आत. 'कंपनीचा प्रॉब्लेम आहे', 'सिमचं बघा' असं काही सांगू नका. माझ्याकडून फ्लॅश मारताना आयएमईआय गेला, तो कंपनीच्या अधिकृत सेंटरमध्येच नीट होईल, खर्च माझा, असं सांगा. फोनचं बिल आणि खोका शोधायला सांगा, खोक्यावर आयएमईआय (दोन सिमचा फोन असेल तर दोन्ही) छापलेले असतात. सेंटरला खरं काय ते सांगा. कदाचित बोर्ड बदलावा लागेल, वॉरंटी उरली असेल तर तीही नाकारतील. तोवर त्यांना वापरायला एक साधा हँडसेट द्या, दुकानात पडून असतोच. आणि त्या कॉम्प्युटरवर गिऱ्हाइकांच्या फोनचे बॅकअप, फोटो साठवलेले असतील तर त्या लोकांनाही कळवा. तो फोन करणं फार जड जाईल, मला कल्पना आहे.

तुमची बाजू मला दिसत नाही असं समजू नका. कंपन्या पार्ट, सर्किटचे नकाशे, फ्लॅश करायचं अधिकृत खातं हे सगळं आपल्या सेंटरपुरतं ठेवतात आणि तालुक्याच्या दुकानदाराला दाराबाहेर उभं करतात. बिघडलेला फोन ईडीएलमध्ये (थेट चिपवर लिहायच्या मोडमध्ये) घेऊन लिहायचा तर अधिकृत लॉगिन मागतात, ते तुम्हाला मिळत नाही, मग 'ऑथ बायपास', म्हणजे ते लॉगिन चुकवायची पळवाट, शोधावा लागतो. क्रॅकचा बाजार या भुकेवरच उभा आहे. केंद्राच्या ग्राहक खात्याने डिसेंबर २०२२ मध्ये 'राइट टू रिपेअर' चं पोर्टल सुरू केलं, पण गल्लीतल्या दुकानाचं पोट त्याने भरलेलं नाही. ही तक्रार खरी आहे आणि ती मोठ्याने करायला हवी. फक्त त्या भांडणात मॅडमचा फोन का मधे घालायचा?

चौदा हजारांचा हिशेब मात्र पुन्हा करून बघा. साडेतीनशे रुपयांची चाळीस कामं. आठवड्याला चार-पाच म्हटलीत, म्हणजे आठ-दहा आठवडे. शिवाय आता बरीच टूलं बॉक्सशिवाय, तीन महिन्यांच्या किंवा वर्षाच्या ॲक्टिवेशनवर मिळतात. आधी तीन महिन्यांचं घेऊन बघा, अधिकृत विक्रेत्याकडूनच, नाहीतर तिथेही नकली आयडी गळ्यात मारतात. एवढंही जमत नसेल तर जवळच्या ज्या दुकानाकडे लायसन्स आहे त्याला सॉफ्टवेअरची कामं द्या आणि मधले शंभर तुम्ही ठेवा. काही कामांना बॉक्स लागतच नाही. मोटोरोला स्वतःचं दुरुस्तीचं सॉफ्टवेअर फुकट देते, पिक्सेलसाठी गूगलचं फ्लॅश टूल ब्राउझरमध्येच चालतं, शाओमीचं मी-फ्लॅश आहे, बूटलोडर (फोन सुरू करणारं, कंपनीने कुलूप लावलेलं सॉफ्टवेअर) उघडा असला तर. कुणी अनोळखी माणूस 'रिमोट द्या, मी इथून अनलॉक करतो' म्हणाला, तर तो क्रॅकचाच मावसभाऊ समजा. कॉम्प्युटरची किल्ली तुम्ही त्याच्या हातात देत असता.

लॉक तोडायची कामं घ्याल तर एक वही ठेवा: नाव, ओळखपत्र, बिलाचा फोटो. फोन हातात येताच इंग्रजीत केवायएम (KYM) असं लिहून एक जागा सोडून पंधरा आकडी आयएमईआय १४४२२ वर एसएमएस करा, किंवा सरकारच्या 'संचार साथी' वर तपासा. 'ब्लॅकलिस्ट' असं उत्तर आलं तर फोन उघडूसुद्धा नका, सरळ परत द्या. साडेतीनशे गेले तर गेले.

राहता राहिला भाच्याचा तो दुसरा क्रॅक. मुलगा मदतच करतोय, त्याला रागावू नका. पण तो पेनड्राइव्ह तुमच्या बिघडलेल्या कॉम्प्युटरच्या शेजारी पडून असेल, तर तोही त्या हार्ड डिस्कसोबत कपाटात टाका आणि किल्ली तुमच्याकडे ठेवा. नाहीतर नव्याने सुरू केलेल्या कॉम्प्युटरला तो 'बघू तरी काय आहे' म्हणून लावला जाईल, आणि तेही बहुतेक तुम्ही जेवायला घरी गेलेले असताना.

– तुमची ताई